युवराजाच्या जहाजावरची ही जुनी फिल्म खरंच १९२१ च्या मुंबईतली आहे का?

वैजयंती_दापोली

नमस्कार मंडळी.

मी आठवीला इतिहास शिकवते. असहकार चळवळीच्या धड्यात प्रिन्स ऑफ वेल्सच्या, म्हणजे ब्रिटिश युवराजाच्या, दौऱ्यावर टाकलेला बहिष्कार येतो, आणि वर्गातून हमखास प्रश्न येतो, "बाई, तो आला कशातून?" आमची बरीचशी मुलं मच्छीमारांच्या घरची, हर्णै बंदराच्या आसपासची. बोट म्हटलं की त्यांना सगळं हवं असतं: केवढी, इंजिन कुठलं, खलाशी किती. यंदा नुसतं तोंडी सांगण्यापेक्षा काहीतरी दाखवावं म्हणून शोधत होते, तर नऊएक मिनिटांची एक मूक फिल्म सापडली. सुरुवातीला इंग्रजीत पाटी आहे, "युवराजांची युद्धनौका रिनाउन, मुंबई, १९२१". कोणी काढली, मूळ प्रत कुठे आहे, याचा पत्ता नाही. दुवा खाली दिलाय.

राजपुत्र त्यात जवळजवळ नाहीच. आहेत ते खलाशी. अनवाणी, पँटी गुडघ्यापर्यंत दुमडलेल्या, रांगेने ओणवे होऊन लाकडी डेक कसल्याशा दगडांनी घासताहेत. मग दहा-बारा जण मिळून एक भलामोठा दांडा तोफेच्या तोंडात घालून मागेपुढे करताहेत. मग एका पिंपाभोवती रांग. पिंपावर चकचकीत अक्षरं आणि प्रत्येक जण आपलं भांडं पुढे धरतोय. त्यानंतर एकदम सगळ्यांचे चेहरे काळे, गोण्याच गोण्या, ढकलगाड्या, आणि त्या धुरळ्यात बाजूला चक्क बँड वाजतोय. पुढे एक दाढीवाला, मुकुट घातलेला माणूस त्रिशूळ घेऊन बसलाय, आणि त्याच्यासमोर एकेकाच्या तोंडाला फेस फासून त्याला खुर्चीवरून उलटा ताडपत्रीच्या हौदात ढकलताहेत. शेवटी झेंडा, आणि मग समुद्रातून दिसणारं गेटवे ऑफ इंडिया.

ही फिल्म खरोखर मुंबईला आलेल्या त्याच जहाजावरची आहे का? फिल्मखालच्या प्रतिक्रियांत एकाने लिहिलंय की झेंड्यावर काळा क्रूस आहे, म्हणजे जहाज जर्मन. माणसं इतकी तुरुतुरु का चालतात? हे दिसलं की मुलं हसत सुटणार आणि बाकी सगळं राहून जाणार. आणि त्या पिंपात काय आहे? पाणी असेल तर एवढ्या शिस्तीत रांग कशाला?

मुलांपुढे चुकीचं काही जाऊ नये, म्हणून विचारतेय. ज्यांना जहाजांची किंवा जुन्या फिल्मांची माहिती आहे त्यांनी जरा वेळ काढून बघावं ही विनंती.

रीळवेडा

वैजयंतीताई, झेंड्यापासून सुरू करतो, कारण ते लगेच सुटतं.

त्या काळात सर्रास वापरली जाणारी फिल्म ऑर्थोक्रोमॅटिक होती. तिला निळा रंग भरपूर कळतो, लाल जवळपास कळतच नाही. त्यामुळे निळं आकाश पांढरंफटक उतरतं आणि लाल रंग काळा. ब्रिटिश नौदलाच्या झेंड्यावर पांढऱ्यावर लाल क्रूस असतो. फिल्मवर तो काळाच दिसणार. कैसरच्या, म्हणजे जर्मन सम्राटाच्या, नौदलाचा क्रूस मुळातच काळा होता, पण त्याच्या मधोमध गोलात गरुड असायचा. फिल्म थांबवून बघा. मध्ये गरुड नाही आणि वरच्या कोपऱ्यात युनियन जॅकच्या तिरप्या पट्ट्या आहेत. झेंडा ब्रिटिशच.

आता वेग. कॅमेरा हाताने दांडी फिरवून चालायचा. एका फेऱ्यात आठ चित्रं, सेकंदाला साधारण दोन फेरे, म्हणजे सोळा चित्रं. आज तीच पट्टी सेकंदाला २४ चित्रांच्या गतीने कोणीतरी डिजिटल केली, की सगळं दीडपट पळतं. प्लेअरमध्ये वेग ०.७५ वर आणा, बराच फरक पडेल. जमलं तर त्याच्याही जरा खाली. माणसांच्या चालीवरून वेग जुळवू नका, बादलीतून ओतलेल्या पाण्याकडे बघा. पाणी नेहमीसारखं पडायला लागलं की वेग बरोबर. मुलं हसतील म्हणता ना, वेग सुधारल्यावर एकदा पुन्हा बघा. तीच माणसं दमलेली दिसायला लागतात.

आणखी एक गोष्ट. ही फिल्म मंद होती, तिला लख्ख ऊन लागायचं. युद्धनौकेच्या पोटात दिवे लावून चित्रण करणं तेव्हा जवळपास अशक्य होतं. म्हणून जहाजावरच्या जीवनाच्या सुरुवातीच्या फिल्मांमध्ये सगळं डेकवर घडतं, व्यायाम, कवायत, मुष्टियुद्ध, जेवणसुद्धा. इंग्लंडमध्ये आल्फ्रेड वेस्ट नावाच्या पोर्ट्समथच्या फोटोग्राफरने १८९८ मध्ये क्रेसेंट या क्रूझरवर असं चित्रण केलं. तेव्हा तिचा कॅप्टन ड्यूक ऑफ यॉर्क होता, म्हणजे पुढचा पंचम जॉर्ज. पुढे १८९९ पासून लंडनच्या रीजंट स्ट्रीटवरच्या पॉलिटेक्निकमध्ये वेस्टचे नौदलावरचे खेळ वर्षानुवर्षं चालले. लोकांना नौदलाबद्दल आपुलकी वाटावी आणि पोरांनी भरती व्हावं, हा त्यातला सरळ हेतू. आपल्याकडे सुरुवातीचे फिल्मवाले सावे दादा, म्हणजे भाटवडेकर, यांनी डिसेंबर १९०१ मध्ये रँग्लर परांजप्यांचं चौपाटीवरचं स्वागत टिपलं, तेही असंच उघड्यावर.

तुमच्या फिल्मचे तुकडे मला एका हातचे वाटत नाहीत. डेक घासण्याच्या दृश्याला दाणे बारीक आहेत, गोण्यांच्या दृश्यात पट्टी खूप झिजलेली आहे, ओरखडे वेगळ्याच जातीचे आहेत. मूळ प्रती वेगवेगळ्या असणार. जहाजाचं मात्र कोणी जाणकाराने सांगावं.

बॉयलररूम

ताई, मी नेव्हीत स्टोकर होतो, म्हणजे बॉयलर पेटता ठेवणारा. मूळचा सातारकडचा. लोणावळ्याला आयएनएस शिवाजीवर ट्रेनिंग झालं आणि पुढे बरीच वर्षं आयएनएस मैसूरवर काढली. मैसूर म्हणजे ब्रिटिशांची जुनी नायजेरिया. १९५७ मध्ये आपल्याकडे आली, १९८५ मध्ये निवृत्त झाली. म्हणजे तुमच्या फिल्ममधली पद्धत, तीच तोफांची टरेट्स, म्हणजे फिरते बुरूज, तोच वाफेचा कारखाना, त्याच घराण्यातल्या जहाजावर माझं तरुणपण गेलंय. फिल्म थांबवत थांबवत बघितली.

पहिली गोष्ट: त्या गोण्या कोळशाच्या आहेत. आणि रिनाउन कोळशावर चालतच नव्हती.

रिनाउन १९१६ मध्ये नौदलात आली तीच तेलावर. ४२ बॉयलर, सगळे तेलाचे. ब्रिटिशांनी पहिल्या महायुद्धाच्या तोंडावर मोठ्या जहाजांना तेलावर आणायला सुरुवात केली. क्वीन एलिझाबेथ वर्गाच्या बॅटलशिप्स पूर्णपणे तेलाच्या होत्या आणि रिनाउन त्यांच्या मागोमागची. तेल घ्यायचं तर होज जोडायचा आणि पंप सुरू करायचा, संपलं. तिच्या डेकवर गोण्यांचा हा डोंगर यायचं कारणच नाही. गोण्यांच्या मागे नीट बघा, डेकच्या मध्यावर धुराड्यांच्या पाठीमागे एक टरेट दिसतं. रिनाउनला मोठ्या तोफांची तीनच टरेट्स, दोन पुढे आणि एक मागे. मध्ये काही नाही. ओरायन, आयर्न ड्यूक यांसारख्या वर्गांना मात्र एकाच रेषेत पाच टरेट्स आणि त्यातलं एक मध्यावर. त्या कोळशावर चालायच्या. तेव्हा हा तुकडा तसल्या जुन्या बॅटलशिपचा धरा. रिनाउन तर काटेकोरपणे बॅटलक्रूझर, म्हणजे तोफा बॅटलशिपच्या पण चिलखत पातळ आणि वेग जास्त.

कोळसा भरणं हे त्या जहाजांवरचं सगळ्यात अंगावर येणारं काम. कोळशाचं जहाज बाजूला येऊन लागायचं. त्याच्या पोटात उतरलेली माणसं फावड्याने गोण्या भरायची, एकेक गोणी शंभर किलोच्या घरात. डेरिकने, म्हणजे जहाजावरच्या क्रेनने, गोण्यांचा झुबका वर उचलायचा, डेकवर टाकायचा, ढकलगाडीने भोकांपर्यंत न्यायचा आणि खाली बंकरमध्ये, म्हणजे कोळशाच्या कोठारात, ओतायचा. आयर्न ड्यूकच्या पोटात तीन हजार टनांवर कोळसा मावायचा. कामाला सगळे, ऑफिसरसुद्धा. जुने कपडे, डोक्याला काय मिळेल ते. ताशी किती टन चढला यावर जहाजाजहाजांत चढाओढ. बँड त्यासाठीच, हात थांबू नयेत म्हणून. बॅन्डवाल्यांचे गणवेश बघा, तेही काळे झालेत.

पण हे सगळं वरचं. बंकरमध्ये काय चाललं होतं ते फिल्ममध्ये नाही. वरून धो धो कोसळणारा कोळसा कोपऱ्याकोपऱ्यात सारून थर लावायचे, अंधारात, धुळीत, तोंडाला फडकं बांधून. ते काम स्टोकरांचं.

रीळवेडा यांनी प्रकाशाचं सांगितलं आणि माझ्या डोक्यात एकदम लख्ख झालं. कोळशावरच्या मोठ्या युद्धनौकेवर जवळपास एक तृतीयांश माणसं इंजिन खात्याची असायची. तुमच्या फिल्ममध्ये ती कुठेही नाहीत. डेक घासणारे आहेत, तोफवाले आहेत, बँडवाले आहेत, ऑफिसर आहेत, जहाजावरची बकरीसुद्धा आहे. ज्यांच्यामुळे ते जहाज जागचं हललं ते नाहीत, कारण कॅमेऱ्याला खाली दिसत नव्हतं.

एक जण मात्र आहे. डेक घासण्याच्या तुकड्यात, डावीकडे मागे एक हॅच, म्हणजे खाली उतरायचं झाकणाचं दार, उघडी आहे. घासणारी रांग अर्धी पुढे सरकते तेव्हा त्या हॅचमधून एक माणूस कमरेपर्यंत वर येतो. बाकी सगळे पांढऱ्या कपड्यांत, याच्या अंगात मळका बनियन, गळ्यात घाम पुसायचं फडकं. डोळे इतके बारीक केलेत की चेहरा गोळा झालाय. तोंड उघडून दोन श्वास घेतो, कॅमेऱ्याकडे बघतो आणि खाली जातो. ताई, तो स्टोकर आहे. गळ्यातलं ते फडकं मी कुठेही ओळखीन. वॉच, म्हणजे कामाची पाळी, संपत आला की किंवा जरा सवड मिळाली की आम्हीही असेच वर यायचो. खालच्या दिव्यांतून एकदम उन्हात आलं की डोळे असेच होतात.

आमच्या बॉयलररूममध्ये थेट दार उघडून जाता येत नसे. हवेचा दाब वाढवलेला असायचा, म्हणून दोन दारांची खोली: पहिलं दार लावायचं, मग दुसरं उघडायचं, कानात दडे बसायचे. आत पंख्यांचा एवढा आवाज की बोलणं खुणांनी. आम्हाला फावडं नव्हतं, तेल होतं, पण उष्णता तीच. काचेच्या भोकातून ज्योतीचा रंग बघायचा, तेल फवारणारे स्प्रेअर काढून साफ करायचे, हवा कमी-जास्त करायची. हवा कमी पडली की धुराड्यातून काळा धूर, आणि धूर निघाला की ब्रिजवरून लगेच फोन. हवा जास्त झाली की पांढरा, त्यालाही बोलणी. वरचे लोक आम्हाला फक्त धुरावरून ओळखायचे. म्हणून मी कुठलीही जुनी फिल्म बघतो तेव्हा आधी धुराडं बघतो. तुमच्या फिल्ममध्ये झेंड्याच्या आधी एक क्षण रिनाउनची दोन धुराडी दिसतात, वर जेमतेम झिरझिरीत धूर. खाली कोणीतरी चोख काम करत होतं. मुलांना हे नक्की दाखवा.

आता बाकीचं भराभर सांगतो.

त्रिशूळवाला म्हणजे नेपच्यून, समुद्राचा राजा. जहाज विषुववृत्त ओलांडतं तेव्हा जे पहिल्यांदा ओलांडताहेत त्यांना त्याच्या दरबारात हजर करतात. लाकडी वस्तरा, बादलीभर फेस, मग हौद. आपल्या नेव्हीतही हे होतं, मीही त्या हौदात पडलोय. पण नकाशा काढा. पोर्ट्समथ, जिब्राल्टर, माल्टा, सुएझ, एडन, मुंबई. या वाटेवर विषुववृत्त कुठे आहे? एडन उत्तरेला, मुंबई उत्तरेला. १९२१ मध्ये मुंबईला येताना नेपच्यूनचा दरबार भरायचं कारणच नव्हतं. भरला होता तो १९२० मध्ये, हेच युवराज हेच जहाज घेऊन पनामा आणि हवाई करत न्यूझीलंड-ऑस्ट्रेलियाला निघाले तेव्हा, एप्रिल महिन्यात. त्या वेळी युवराजांनाही हौदात टाकलं होतं. बरोबर १९ वर्षांचे लुई माउंटबॅटन होते, आपले पुढचे शेवटचे व्हाइसरॉय. मुलांना हे नाव ओळखीचं असेल.

तोफेतला दांडा म्हणजे नळी साफ करणं. रिनाउनच्या मोठ्या तोफांचं तोंड १५ इंचाचं आणि एकेक गोळा सुमारे ८७० किलोचा. उडवल्यावर नळीत काजळी बसते, ती अशीच बारा-पंधरा माणसांनी ओढून काढायची.

पिंपात पाणी आहे, पण रम घातलेलं. त्याला ग्रॉग म्हणत. पितळी अक्षरं "द किंग, गॉड ब्लेस हिम" अशी असतात. ब्रिटिश नौदलात हे वाटप ३१ जुलै १९७० पर्यंत चाललं. रांग कडक कारण माप कडक, आणि समोर ऑफिसर उभा असतो.

अपोलोबंदर

गेटवेचं मी सांगतो, आयुष्य त्याच्या सावलीत गेलंय.

युवराज १७ नोव्हेंबर १९२१ ला अपोलो बंदरावर उतरले तेव्हा गेटवे पूर्ण झालेलं नव्हतं. पायाचा दगड ३१ मार्च १९१३ चा. वास्तुविशारद विटेटच्या आराखड्याला मंजुरी १९१४ मध्ये. मग भराव, मग पाया, मग काम रखडत रखडत १९२४ पर्यंत, आणि ४ डिसेंबर १९२४ ला व्हाइसरॉय लॉर्ड रीडिंगच्या हस्ते उद्घाटन. तुमच्या फिल्ममध्ये घुमट आणि चारही मिनार पुरे आहेत, एकही बांबू नाही. तो शॉट १९२४ च्या आधीचा असूच शकत नाही. पुष्कळांना असंही वाटतं की पंचम जॉर्ज १९११ मध्ये याच कमानीतून आत आले. त्यांच्यासाठी तेव्हा नुसता मंडप उभारला होता, ही कमान त्यांच्या येण्याची आठवण म्हणून नंतर बांधली.

ताई, तुम्ही असहकाराचा धडा शिकवताय म्हणून एक आग्रह. त्या दिवशी बंदरावर जेव्हा सलामी चालली होती, तेव्हा परळला एल्फिन्स्टन मिलजवळच्या मैदानात गांधीजींच्या समोर परदेशी कापडाची होळी पेटली होती. शहरात हरताळ होता. आणि त्याच दिवशी दंगल उसळली. स्वागताला गेलेल्या पारशी, ख्रिस्ती, अँग्लो-इंडियन लोकांवर हल्ले झाले, मग उलट हल्ले झाले, माणसं मेली. गांधीजी त्याने हादरले आणि १९ नोव्हेंबरपासून त्यांनी उपवास धरला, शहर शांत होईपर्यंत. त्या दौऱ्याच्या बातमीपटात हार, बग्ग्या आणि घोडेस्वार आहेत. परळ नाही, भेंडीबाजार नाही. जहाजाच्या पोटातली माणसं उजेडाअभावी राहिली असं वर वाचलं. शहराच्या बाबतीत उजेड भरपूर होता. कॅमेरा कुठे उभा करायचा हे ठरवणारे दुसरे होते. हे मुलांना सांगाच.

वैजयंती_दापोली

तुम्हा तिघांचे मनापासून आभार. एवढ्या बारकाईने कोणी बघेल असं वाटलं नव्हतं.

वेग कमी करून पुन्हा बघितली. हॅचमधला तो माणूस सापडला. डेक घासणाऱ्या रांगेकडे बघताना तो निसटतो, पण एकदा कळल्यावर डोळा तिथेच जातो. आणि गरुड नाही, युनियन जॅक आहे.

आता अडचण अशी की फिल्म तर तीन-चार वेगवेगळ्या गोष्टींची जोडणी निघाली. ती दाखवावी की सोडून द्यावी? सोडून द्यायला जीव होत नाही. बॉयलररूम काका, तुम्हीच सांगा. आणि एक प्रश्न मुलं नक्की विचारतील: तेव्हा त्या जहाजावर आपली माणसं होती का? आमच्या भागातल्या जुन्या घरांत पणजोबा बोटीवर होते असं पुष्कळ जण सांगतात.

बॉयलररूम

सोडून देऊ नका. जोडणी आहे हेच त्यातलं शिकवण्यासारखं आहे. पाटी झाकून मुलांना फिल्म दाखवा, आणि शोधायला त्यांनाच लावा. कोळसा कुठे दिसला? नकाशात विषुववृत्त कुठे? गेटवे कधी पूर्ण झालं? बंदरातली मुलं आहेत, टरेट मोजायला सांगितलं तर माझ्याआधी मोजतील. मग फळ्यावर तुकड्यांखाली लिहा: गोण्या कोळशाच्या जुन्या बॅटलशिपच्या, नेपच्यून १९२० च्या दौऱ्यातला, गेटवे १९२४ नंतरचं. नेपच्यूनच्या दृश्यासाठी मूळ फिल्मही आहे. कॅप्टन बार्कर नावाचे चित्रपटवाले त्या दौऱ्यात बरोबर होते आणि त्यांनी "फिफ्टी थाउजंड माइल्स विथ द प्रिन्स ऑफ वेल्स" ही फिल्म काढली. ती चांगल्या प्रतीत मिळाली तर हा झिजलेला तुकडा गाळून ती लावा.

पिंपाचं खरं तेच सांगा. दारू होती, मोजून मिळायची, आता ब्रिटिशांनी बंद केली. मुलांना एवढं पुरतं.

आपल्या माणसांचं. रिनाउन, आयर्न ड्यूक असल्या जहाजांवर खलाशी ब्रिटिशच असायचे. कोकणातले पणजोबा होते ते व्यापारी आणि प्रवासी बोटींवर, पी अँड ओ किंवा बीआय (ब्रिटिश इंडिया) या कंपन्यांच्या. रत्नागिरी जिल्ह्यातून डेकवरची माणसं पुष्कळ जायची; गोव्याची माणसं भटारखान्यात आणि प्रवाशांच्या सलूनमध्ये, म्हणजे जेवणाच्या दालनात. तुमच्या भागातल्या म्हाताऱ्यांना सारंग, टंडेल, खलाशी, भंडारी, आगवाला हे शब्द माहीत असतील. सारंग म्हणजे खलाशांचा वरिष्ठ, टंडेल त्याच्या हाताखालचा, भंडारी स्वयंपाकी. आणि आगवाला म्हणजे भट्टीपुढे फावडं मारणारा, माझ्या धंद्यातला माणूस. तांबड्या समुद्रातून जाताना बोटीच्या खाली आगवाल्यांची काय अवस्था व्हायची ते मी तेलावर काम करून सांगू शकतो, त्यांनी ते कोळशावर केलं.

मुलांना घरी पाठवून एक काम द्या. पणजोबा बोटीवर होते असं ज्यांच्या घरी सांगतात, त्यांनी ट्रंका उघडाव्यात. खलाशांना नळी म्हणून एक नोंदपुस्तक मिळायचं. त्यात बोटीचं नाव, हुद्दा, तारखा आणि वर्तणुकीचा शेरा असायचा. एखाद्या घरात ते अजून असेल. मिळालं तर पानं हाताळू नका, आहे तिथेच ठेवून फोटो काढा आणि बोटीचं नाव इथे टाका. त्या बोटीला बॉयलर किती होते, कोळशावर होती की तेलावर, एवढं शोधून द्यायचं माझ्याकडे लागलं.